साक्ष एकदाच

बारक्याला बारक्या म्हणणारं माणूस जगात एकच उरलं होतं, ते म्हणजे त्याची ताई. बाकीच्यांसाठी तो छायाचित्रकार होता आणि सेटवर सगळ्यांचा दादा. वय बावन्न, पाठ धरलेली, गुडघे कुरकुरणारे. बावीस वर्षांत आपला एकही शॉट हुकला नाही, ही टिमकी मात्र तो दिसेल त्याच्यापुढे वाजवायचा. चहा पिताना वाजवायचा, दाढी करताना ताईपुढे वाजवायचा, आणि ताई म्हणायची, "हो रे बाबा, तुझ्या कॅमेऱ्याला देवसुद्धा घाबरतो."

सिनेमे होते श्रद्धेचे. थिएटरात न लागणारे, प्रार्थनाघरांत, शाळांच्या सभागृहांत आणि हल्ली लोकांच्या मोबाइलवर चालणारे. युनिट सहा माणसांचं. त्यातले दिग्दर्शक, म्हणजे सर, खरोखर मनापासून देव मानणारे. तोंडात शिवी नाही, पोटात कपट नाही. छायाचित्रकाराचा स्वतःचा विश्वास होता का, असं कुणी विचारलं की तो लेन्स पुसायला घ्यायचा.

त्याची ख्याती होती उजेडासाठी. खिडकीबाहेर उंचावर एक मोठा दिवा लावायचा आणि त्याच्यापुढे धुऊन धुऊन मऊ पडलेली चादर ताणायची. चादर ताईच्या पलंगावरची, तिला न विचारता उचललेली. त्यातून गाळून येणारा उजेड समोरच्याच्या कपाळावर नि गालावर असा उतरायचा की बघणारा आपोआप आवाज खाली आणायचा. लोक म्हणत, काय तेज आहे चेहऱ्यावर! दादा पुटपुटे, "बाराशे वॉटचं." ही कला तो शिकला होता ताईच्याच चेहऱ्यावर, कॉलेजात असताना. ती गणिताचे पेपर तपासत खिडकीशी बसायची आणि हा चादर धरून खुर्चीवर उभा राहायचा.

ताईच्या छातीत घड्याळ होतं. म्हणजे हृदयाची एक झडप निकामी झाली तेव्हा डॉक्टरांनी धातूची बसवली होती, तिची टिकटिक शांत खोलीत स्पष्ट ऐकू येई. अकरा वर्षं झाली त्याला. शेजारची मुलं तिला लपाछपीत घ्यायला तयार नसत, कारण ती कुठे लपली ते दोन मिनिटांत कळायचं. या झडपेपायी तिला रोज संध्याकाळी रक्त पातळ ठेवायची एक गोळी घ्यावी लागे. गोळी चुकली तर झडपेवर गाठ धरणार, एवढं साधं गणित. पण गोळी घेतली की जरा धक्का लागला तरी अंग काळंनिळं, विळीवर बोट कापलं तर रक्त थांबता थांबायचं नाही, आणि रक्त तपासायला दर महिन्याला दंडात सुई. अकरा वर्षं तिने हे बिनतक्रार केलं. कंटाळा आला असेल असं छायाचित्रकाराच्या मनातही आलं नाही. जवळच्या माणसाचं दुखणं आपल्याला भिंतीसारखं सवयीचं होऊन जातं.

सरांच्या युनिटात एक नियम होता. साक्ष एकदाच. ज्याच्या आयुष्यात काही घडलं, त्याने ते कॅमेऱ्यासमोर एकदाच सांगायचं. दुसऱ्यांदा सांगितलं की तो अभिनय झाला, असं सर म्हणत. म्हणून ओरडून 'ॲक्शन' नाही, क्लॅपची फळी वाजवणं नाही. साक्ष देणारा घाबरू नये म्हणून कॅमेऱ्यावरच्या लाल दिव्याला काळी पट्टी लावलेली. सर त्या माणसाशी गप्पा मारत बसायचे आणि वेळ आली की गुडघ्यावरचा डावा हात हळूच उचलायचे. तो हात बघून छायाचित्रकार बटण दाबायचा. आवाजही तारेने कॅमेऱ्यातच जायचा. कॅमेरा बंद, तर सगळंच बंद.

वर्षभरापूर्वी एका बेकरीत काम करणाऱ्या बाईंची साक्ष होती. त्यांच्याही छातीत तसलंच घड्याळ. आवाज सांभाळणारा, ज्याला सगळे कानसेन म्हणत, हेडफोन लावून वैतागला होता. "दादा, बाई बोलायच्या थांबल्या की टिकटिक ऐकू येते. कशी घालवू?"

"घालवू नकोस. माझ्या घरी रोज वाजते ती. राहू दे."

त्या दिवशी दिव्याऐवजी खिडकीतलं ऊनच चादरीतून गाळून घेतलं होतं. बाई पाण्याचा ग्लास घेऊन बसल्या, उजेड त्यांच्या गालावर पडला, आणि तो इतका सुरेख पडला की छायाचित्रकाराने सरांच्या हाताची वाट न बघता बटण दाबलं. मग सरांचा हात उचलला गेला. बोटाला बावीस वर्षांची सवय. बोटाने पुन्हा दाबलं. ज्याने कधी कॅमेरा चालवला आहे त्याला यापुढचं सांगायला नको. एकदा दाबलं की चालू, पुन्हा दाबलं की बंद. गणती एकाने चुकली की सगळं उलटं होतं. आपल्याला वाटतं चाललाय तेव्हा तो झोपलेला, आणि आपल्याला वाटतं झोपलाय तेव्हा तो टक्क जागा.

बाई पंचवीस मिनिटं बोलल्या. ऑपरेशननंतर त्यांना छातीतल्या टिकटिकीचीच धास्ती बसली होती. रात्रंदिवस ती मोजत पडायच्या. प्रार्थना करू लागल्या आणि एक दिवस मोजणं थांबलं. "गोळ्या काय, चालूच आहेत," त्या म्हणाल्या. "त्या जन्माच्या. पण भीती गेली हो. भीती गेली म्हणजे सगळंच गेलं." सरांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. छायाचित्रकाराने समाधानाने बटण दाबलं. बाईंनी पर्समधून गोळीची पट्टी काढली, एक गोळी तोंडात टाकली आणि वर पाणी प्यायल्या.

लेन्स काढायला तो वाकला आणि कॅमेऱ्याच्या बाजूच्या छोट्या खिडकीतले आकडे त्याला दिसले. आकडे पळत होते. थांबायला हवे होते तेव्हा पळत होते.

खरं म्हणजे तेव्हाच तोंड उघडायचं. सर, माझी चूक झाली. पाच शब्दसुद्धा लागले नसते. पण बावीस वर्षांची टिमकी आडवी आली. तो म्हणाला, "सर, ऊन सरकलं. चेहरा अर्धा काळा आलाय. परत घ्यावं लागेल."

सर म्हणाले, "साक्ष एकदाच असते, दादा."

"माहीत आहे मला. पण हे दाखवण्यासारखं नाही."

"तुझ्या डोळ्यांवर माझा भरवसा आहे," सर म्हणाले, आणि त्यांनी हयातीत पहिल्यांदा नियम मोडला.

बाई दमल्या होत्या. दुसऱ्यांदा सांगताना माणूस कापून सांगतो, आणि समोरच्याला काय आवडलं होतं तेच नेमकं ठेवतो. सहा मिनिटांत सगळं उरकलं. "प्रार्थना केली आणि सगळं गेलं. दुखणं गेलं, भीती गेली, आता माझ्यामागे काही नाही." गोळ्यांचं वाक्य कुठेतरी गळून पडलं. सरांना वाटलं, बाईंना ते नको असेल सांगायला. कानसेनला वाटलं, सर बघतील. छायाचित्रकाराला काहीच वाटलं नाही, तो बटणाकडे बघत होता. घरी जाऊन त्याने गोळी गिळणाऱ्या बाईंचं चित्रण स्वतःच्या हाताने पुसून टाकलं, कारण ते कुणी पाहिलं असतं तर त्याची चूक उघडी पडली असती.

सिनेमा आला आणि चांगला चालला. ताईने तो दोनदा पाहिला. दुसऱ्यांदा पाहताना ती रडली, आणि गणिताची बाई रडतेय याची याने थट्टा केली.

मग एका सकाळी मीठ शोधताना फळीवरची तिची गोळ्यांची डबी त्याच्या हाताला लागली. सात खणांची, वारांची. सातही खण भरलेले.

"ताई, हे काय?"

"नऊ दिवस झाले," ती शांतपणे म्हणाली. "काही होत नाहीये, बारक्या. उलट हलकं वाटतंय. त्या बेकरीवाल्या बाईंसारखं."

तो तिथेच खाली बसला आणि त्याने सगळं सांगितलं. बटण, पट्टी, पर्स, गोळी. ताई ऐकत राहिली आणि शेवटी हसली. रागावली असती तर बरं झालं असतं.

"बावीस वर्षं माझे कान किटवलेस की एकही शॉट हुकला नाही म्हणून. आणि आज माझ्यासाठी एक हुकलेला शॉट शोधून काढलास होय? लहानपणी नापास झालास तेव्हाही असाच चेहरा करून थापा मारायचास."

"अगं, देवाशपथ खरं आहे."

"मग दाखव ते चित्रण."

दाखवणार काय, कपाळ?

दुसऱ्या दिवशी तो बेकरीत गेला. सरळ सरांकडे जायचं सोडून बेकरीत, कारण सरांपुढे आपली चूक कबूल करावी लागली असती. बाई मागच्या खोलीत कणीक तिंबत होत्या. भिंतीवर सिनेमाचं पोस्टर, त्यावर त्यांचाच उजळलेला चेहरा. त्याने फोन लावून त्यांच्या हातात दिला. "बाई, एक उपकार करा. माझ्या बहिणीला एवढंच सांगा की तुम्ही गोळ्या घेता."

बाईंनी पिठाचा हात पुसला. "पण मी घेत नाही आता."

"म्हणजे?"

"सिनेमा आल्यापासून लोक भेटायला येतात हो. पाया पडतात. कुणी लेकराला घेऊन येतं. मग मीच म्हटलंय ना त्यात, सगळं गेलं म्हणून? पडद्यावर मी अशी दिसते आणि घरी येऊन गोळी गिळते, मला लाज वाटायला लागली. अधूनमधून घ्यायचे, तीही आता सोडली." मग त्या फोनमध्ये ताईला म्हणाल्या, "नाही हो ताई, नाही घेत मी. खरंच सांगते." आणि ते खरंच होतं.

तो घरी आल्यावर ताईने नुसती त्याच्याकडे पाहून मान हलवली. त्यानंतर या विषयावर ती त्याचं ऐकेनाशी झाली. डॉक्टरांकडे यायला नकार, गोळी दुधात विरघळवून दिली तर दूध मोरीत. छायाचित्रकार रोज ठरवायचा, उद्या सरांकडे जायचं. सर सांगतील तर ती ऐकेल. आणि रोज काहीतरी काम निघायचं. भित्र्या माणसाला कामांचा तोटा नसतो. घरात तो तिच्या खोलीत जाणं टाळायला लागला.

शेवटी ताईनेच सरांना फोन केला. तिला साक्ष द्यायची होती.

गोळी सोडल्याच्या तेहतिसाव्या दिवशी दुपारी युनिट घरी आलं. छायाचित्रकाराने मनाशी पक्कं केलं होतं, आज सगळ्यांसमोर बोलायचं, मग इज्जत गेली तरी बेहत्तर. तरी हात आपलं काम करत होते. खिडकीबाहेर दिवा चढला, चादर ताणली गेली. ताई खुर्चीत बसली आणि तीस वर्षांपूर्वीसारखा उजेड तिच्या कपाळावर उतरला. ती जरा फिकी दिसत होती. चादरीने ते झाकलं. कानसेनने तिच्या पदराला माइक लावला आणि थट्टा केली, "ताई, तुमचं घड्याळ तेवढं पाच मिनिटं बंद ठेवा हं."

"चावी तुझ्याकडेच आहे, तूच ठेव," ती म्हणाली.

सरांचा हात उचलला गेला. छायाचित्रकाराने बटण दाबलं, एकदाच, आणि आकडे पळताना डोळ्यांनी बघून घेतले.

"माझ्या धाकट्या भावाने एक सिनेमा केला," ताईने सुरुवात केली, आणि तो कॅमेरा सोडून तिच्यासमोर येऊन उभा राहिला.

"सर, ऊन सरकलं नव्हतं," तो म्हणाला. "बेकरीवाल्या बाईंच्या वेळी. मी बटण उलटं दाबलं होतं. त्यांची खरी साक्ष आलीच नाही. त्या गोळी घेत होत्या सर, माझ्या डोळ्यांदेखत घेतली त्यांनी. मी ते पुसलं." आणि बावन्न वर्षांचा तो बाप्या तिथे हुंदके देऊन रडायला लागला.

सरांचा चेहरा पांढरा पडला. "बाई म्हणाल्या होत्या तसं," ते म्हणाले. "गोळ्या जन्माच्या, असं म्हणाल्या होत्या. मला आठवतंय. दुसऱ्यांदा त्यांनी गाळलं आणि मी ते गाळू दिलं." मग ते उठले आणि ताईसमोर गुडघ्यांवर बसले. "ताई, गोळी घ्या. हा सिनेमा मी आजच काढून घेतो. देवाने गोळी सोडायला सांगितलेलं नाही, ते आम्ही सांगितलं."

ताई दोघांकडे आळीपाळीने बघत राहिली, फळ्यावरचं गणित पहिल्या पायरीलाच चुकलंय हे कळल्यासारखी. "डबी आण," ती म्हणाली.

तो धावत जाऊन डबी आणि पाणी घेऊन आला. तिने गोळी तळहातावर घेतली. "घेते रे. सर म्हणतात म्हणून नाही. तू रडतोयस म्हणून."

तेवढ्यात कानसेन कोपऱ्यातून म्हणाला, "दादा, एक मिनिट." त्याचे दोन्ही हात हेडफोनवर होते. "घड्याळ ऐकू येत नाहीये. मघापासूनच नाही. मला वाटलं माइक सरकला असेल."

ताईने काहीतरी बोलायला तोंड उघडलं. शब्द वाकडा आला. तोंडाचा एक कोपरा खाली ओघळला, ग्लास सुटला, आणि तळहातावरची गोळी खुर्चीखाली घरंगळत गेली.

हॉस्पिटलात डॉक्टरांनी एकच प्रश्न विचारला, गोळी किती दिवस बंद होती? झडपेवर गाठ धरली होती, तिचा तुकडा मेंदूत गेला होता. ताई तिसऱ्या दिवशी गेली. शुद्धीवर आली नाही. झडप जाम व्हायला लागली की आवाज आधी मंद होतो, डॉक्टर म्हणाले, घरात कुणाच्या लक्षात आलं नाही का? घरात एक माणूस होता. तो डोळ्यांचा माणूस होता, आणि तोंड लपवून बसला होता.

सरांनी सिनेमा काढून घेतला. पण लोकांच्या मोबाइलमधून काय काय काढणार?

आठवड्याने छायाचित्रकार पुन्हा बेकरीत गेला. सोबत लॅपटॉप आणि कानसेनचे हेडफोन. ताईच्या साक्षीच्या दुपारी कॅमेरा कुणी बंद केलाच नव्हता. सगळं आलं होतं, पहिल्या शब्दापासून रिकाम्या खुर्चीपर्यंत. हे दाखवलं की बाईंचे डोळे उघडतील, असं त्याला वाटलं होतं. त्याने बाईंना ते लावून दिलं आणि भिंतीकडे तोंड करून उभा राहिला.

बाईंनी पाहिलं. ताई बोलायला लागली ते, तो रडला ते, ग्लास पडला ते. बाईंनी डोळे पुसले आणि हात जोडले. "ह्या तुमच्या ताई ना? काय तेज आहे हो चेहऱ्यावर! जातानासुद्धा. भाग्यवान बाई, देवाने हात धरून नेलं."

"ते तेज नाही," तो म्हणाला. "दिवा आहे. माझा दिवा आहे तो, आणि पुढे तिच्याच पलंगावरची चादर आहे."

बाई हसल्या. ताई जशी हसली होती, अगदी तशा.

तेव्हा त्याने लॅपटॉप फट्कन भिंतीकडे फिरवला आणि चित्रण पुन्हा पहिल्यापासून लावलं. हेडफोन पुसले आणि बाईंच्या कानांवर ठेवले. "आता बघू नका. नुसतं ऐका."

"काय ऐकू?"

"तुमच्यासारखंच घड्याळ होतं तिच्या छातीत. ते कुठे वाजतंय का बघा."

बाईंनी डोळे मिटले. पहिल्यांदा सहज ऐकत होत्या, मग कपाळाला आठी पडली. त्यांनी हेडफोन दाबून धरले. ताई बोलत होती, थांबत होती, आणि तिच्या प्रत्येक थांबण्यात काहीच नव्हतं. बाईंचा पिठाने माखलेला हात हळूहळू वर गेला आणि स्वतःच्या छातीवर येऊन थांबला. त्या मोजत होत्या. ओठ हलत होते.

बऱ्याच वेळाने त्यांनी हेडफोन काढले. रंग उडाला होता. त्या उठल्या, पर्स उघडली आणि तळाशी पट्टी शोधायला लागल्या. पट्टी सापडली. त्यांनी ग्लासात पाणी ओतलं.

त्या गोळी गिळेपर्यंत छायाचित्रकार तिथेच बसून राहिला. भट्टी बंद होती, खोली शांत होती. तीन हातांवरून त्याला बाईंच्या छातीतली टिकटिक स्पष्ट ऐकू येत होती. ताईच्या खोलीचं दार तर घरात दोन पावलांवर होतं.